कुत्रीसाठी घरी बनवलेले पाणपात्र: उलट्या जारपासून फ्लोट व्हॉल्व्हपर्यंत

या प्रकरणातील कुत्री मिश्र जातीची, मध्यम बांध्याची आणि सुमारे २० किलो वजनाची आहे. घरातील माणसे सकाळी बाहेर पडतात आणि संध्याकाळी परततात, त्यामुळे दिवसाचे साधारण दहा तास ती एकटीच असते. तिच्यासाठी गॅलरीत पाण्याचे एक स्टीलचे भांडे ठेवलेले असे. ते हलके आणि उथळ होते आणि पंजा मारून ते उलटे करण्याचा तिला नाद होता. भांडे सकाळीच उलटले की उरलेला दिवस तिला पाणी मिळत नसे. संध्याकाळी दार उघडताच ती इतक्या घाईने पाणी पिई की काही वेळा ती ते तसेच ओकून टाकी. हा प्रकार थांबावा म्हणून घरच्यांनी स्वतःच एक पाणपात्र बनवले. त्याचा पहिला आराखडा का फसला आणि दुसऱ्यात काय बदलले, हा या लेखाचा विषय आहे.

आधी गरजेचा हिशेब पाहू. निरोगी प्रौढ कुत्र्याला दिवसाला वजनाच्या दर किलोमागे साधारण ४० ते ६० मिलिलिटर पाणी लागते. २० किलोच्या कुत्रीसाठी हा आकडा ८०० मिलिलिटर ते १.२ लिटर होतो. कडक उन्हात किंवा भरपूर धावपळीनंतर तो दुप्पट होऊ शकतो. शिवाय उघड्या भांड्यातून काही पाणी वाफ होऊन जाते आणि काही पिताना सांडते. हे सगळे सढळ हाताने धरले तरी एका दिवसाची तरतूद तीन लिटरच्या पुढे जात नाही. घरच्यांनी मात्र २० लिटरचा जार निवडला, कारण तो घरात रिकामा पडलेला होता आणि एकदा भरला की आठवडाभर पाहावे लागणार नाही, हा विचार मोहात पाडणारा होता. माझ्या मते पुढच्या बहुतेक अडचणींचे मूळ याच निवडीत होते, कारण भांडे पंजाने उलटते हा मूळ प्रश्न पाण्याच्या स्थैर्याचा होता आणि त्याला दिलेले उत्तर साठ्याचे होते.

पहिला आराखडा

रचना साधी आणि सर्वपरिचित होती. पाण्याने भरलेला जार लाकडी चौकटीत उलटा बसवला होता आणि त्याचे तोंड खालच्या ३० सेंटिमीटर व्यासाच्या गोल परातीत, काठापासून एक सेंटिमीटर खाली येईल असे ठेवले होते. अशा रचनेत परातीतील पातळी जारच्या तोंडाशी स्थिर राहते. कुत्रीने पाणी पिऊन पातळी तोंडाच्या खाली गेली की हवेचा एक बुडबुडा जारमध्ये शिरतो, तेवढेच पाणी खाली उतरते आणि तोंड पुन्हा बुडाले की प्रवाह थांबतो. जारमधील पाण्याचा स्तंभ तोलून धरण्याचे काम बाहेरच्या हवेचा दाब करतो. इटालियन शास्त्रज्ञ टॉरिसेलीने १६४३ मध्ये पाऱ्याच्या नळीने दाखवलेले तत्त्व हेच आहे. समुद्रसपाटीला हा दाब सुमारे ७६ सेंटिमीटर पाऱ्याचा किंवा दहा मीटरहून थोडा अधिक उंचीचा पाण्याचा स्तंभ पेलतो, त्यामुळे अर्ध्या मीटर उंचीच्या जारची त्याला काहीच अडचण नाही. या रचनेत हलता भाग नाही, वीज लागत नाही आणि झिजण्यासारखे काही नाही. हे तिचे गुण खरे आहेत आणि थंड, सावलीच्या जागी लहान बाटली वापरून ती उत्तम चालते.

येथे पहिले काही दिवस सर्व सुरळीत गेले. बुडबुड्याच्या आवाजाने कुत्री सुरुवातीला दचकून मागे सरे, पण जुने भांडेही शेजारी ठेवलेले असल्यामुळे तिला सवय व्हायला वेळ मिळाला. चौकट भिंतीला पट्टीने बांधलेली होती, म्हणून काही उलटण्याचा प्रश्न आला नाही. मग संध्याकाळी परतल्यावर गॅलरीच्या फरशीवर पाण्याचे थारोळे दिसू लागले.

थारोळ्याचा शोध

पहिला संशय कुत्रीवर गेला आणि दुसरा जारच्या भेगेवर. दोन्ही तपासण्यासारखे होते, पण दोन्ही निरीक्षणांशी जुळत नव्हते. जारच्या वरच्या भागात सुईएवढे जरी छिद्र असते तरी त्यातून हवा आत शिरत राहिली असती, दाबाचा आधार गेला असता आणि सगळा जार रिकामा होईपर्यंत पाणी वाहत राहिले असते. प्रत्यक्षात पाणी ठरावीक प्रमाणात सांडून थांबत होते. कुत्रीने परात हलवली म्हणावे, तर परात चौकटीत घट्ट अडकवलेली होती. शिवाय एक विचित्र गोष्ट लक्षात आली. जार नुकताच भरलेला असे तेव्हा फरशी कोरडी राही आणि जार निम्म्याहून रिकामा झाला की थारोळे हमखास होई. पाणी कमी असताना जास्त सांडावे हे उलटेच वाटते, पण उत्तर नेमके तेथेच होते.

जार जितका रिकामा, तितकी त्यात कोंडलेली हवा जास्त. गॅलरीत दुपारनंतर ऊन येत असे. सकाळी जारमधील हवा २० अंश सेल्सिअसला असेल आणि दुपारी उन्हाने ४० अंशांपर्यंत तापली असेल, तर केवळ तापण्यामुळे तिचे आकारमान सुमारे ७ टक्के वाढते. एवढ्यावर हे थांबत नाही. ही हवा पाण्याला लागून असल्यामुळे तापमानाबरोबर तिच्यातील वाफही वाढते. पाण्याच्या वाफेचा संपृक्त दाब, म्हणजे त्या तापमानाला हवेत मावणाऱ्या कमाल वाफेचा दाब, २० अंशांना सुमारे २.३ किलोपास्कल असतो आणि ४० अंशांना ७.४ किलोपास्कल होतो. ही भर धरली की एकूण वाढ साडेबारा टक्क्यांच्या घरात जाते. हवेला बाहेर पडायला वाट नाही, म्हणून तेवढे पाणी खाली ढकलले जाते.

आता हा हिशेब परातीशी जोडला की कोडे सुटते. ३० सेंटिमीटर व्यासाच्या परातीचे क्षेत्रफळ सुमारे ७०० चौरस सेंटिमीटर होते, म्हणजे काठापर्यंतच्या एका सेंटिमीटरच्या मोकळ्या जागेत जेमतेम ७०० मिलिलिटर पाणी मावत होते. जारमध्ये ५ लिटर हवा असेल तर दुपारी सुमारे ६०० मिलिलिटर पाणी खाली येते आणि परातीत सामावते. १० लिटर हवा असेल तर सव्वा लिटर येते आणि त्यातले अर्धा लिटर फरशीवर जाते. १५ लिटर हवा असेल तर एक लिटरहून अधिक सांडते. घरच्यांनी टिपलेल्या खुणांशी हे चित्र जुळले. खात्री करण्यासाठी त्यांनी जार दिवसभर सावलीच्या कोपऱ्यात ठेवून पाहिला आणि फरशी कोरडी राहिली.

सांडलेले पाणी पुसता येते. याहून गंभीर बाब रात्री घडत होती आणि ती कोणाच्या डोळ्यांना दिसत नव्हती. ऊन उतरले की जारमधील हवा आकसते, वाफेचे पुन्हा पाणी होते आणि दाब घटतो. तो दाब भरून काढायला सर्वांत जवळ असते ते परातीतील पाणी. तोंड उघडे पडेपर्यंत ते वर खेचले जाते आणि मगच हवा आत शिरते. म्हणजे दिवसभर कुत्रीने ज्यात तोंड घातले, ज्यात तिची लाळ, केस, खाण्याचे कण आणि गॅलरीतील धूळ मिसळली, त्यातले अर्धा-पाऊण लिटर पाणी रोज संध्याकाळी स्वच्छ समजल्या जाणाऱ्या साठ्यात परत जात होते. जारचे तोंड अरुंद असल्यामुळे आत हात जात नव्हता. निळसर पारदर्शक भिंतींतून ऊन आत येत होते. आतून लागलेला बुळबुळीत थर आणि पाण्यावरची हिरवट झाक यांचे कारण इथे होते. आठवड्याभराचा साठा केल्यामुळे हे पाणी आठवडाभर तसेच फिरत राही. नळाच्या पाण्यात जंतूंना आवर घालण्यासाठी असणारा क्लोरीनचा अंश मुळातच अल्प असतो, अनेक ठिकाणी लिटरमागे मिलिग्रॅमच्या काही दशांशांएवढाच, आणि उन्हात व सेंद्रिय कणांच्या संगतीत तो लवकर संपतो.

जारला कापडाने झाकणे, परात खोल करणे, जार सावलीत हलवणे असे उपाय सुचले होते. पहिल्या दोन्हींनी सांडणे कमी झाले असते, पण परतीचा प्रवाह थांबला नसता. गॅलरीला दुसरी सावलीची जागा कायमची मिळण्यासारखी नव्हती. शेवटी बंद जारची कल्पनाच सोडून देण्यात आली.

दुसऱ्या आराखड्याच्या अटी

नव्या रचनेसाठी अटी कागदावर लिहून काढल्या गेल्या आणि माझ्या मते या प्रकरणातील सर्वांत उपयोगी काम तेच होते. साठ्याला हवेची वाट मोकळी हवी. पिण्याच्या भांड्यातील पाणी कोणत्याही परिस्थितीत साठ्यात परत जाऊ नये. प्रत्येक भाग हाताने घासता यावा. भांडे पंजाने हलू नये. बिघाड झालाच तर कमाल किती पाणी सांडेल ते आधीच ठाऊक असावे. आणि दिवसाला किती पाणी संपले ते वाचता यावे. ही शेवटची अट सुरुवातीला केवळ कुतूहलापोटी घातली होती, पण पुढे तीच सर्वांत कामाची ठरली.

काही पर्याय लगेच बाद झाले. पाइप थेट नळाला जोडून फ्लोट व्हॉल्व्ह, म्हणजे तरंगता फ्लोट पाण्याबरोबर वर-खाली झाला की आपोआप बंद-उघड होणारी तोटी, बसवला तर साठ्याची चिंता मिटते, पण व्हॉल्व्ह अडकला तर सांडणाऱ्या पाण्याला मर्यादा राहत नाही आणि मोजणीही अशक्य होते. पंपाचे कारंजे विजेवर अवलंबून असते आणि कुत्रीला वायर कुरतडण्याची सवय होती. जिभेने दाबल्यावर थेंब सोडणारी नळी सांडवणूक टाळते, पण जिभेने भराभर पाणी पिणाऱ्या प्राण्याला तिच्यातून पोटभर पाणी मिळायला फार वेळ लागतो.

येथे एक गोष्ट स्पष्ट म्हणायला हवी. दोन जड, रुंद बुडाची भांडी दोन वेगळ्या जागी ठेवून ती रोज सकाळी धुऊन भरली, तर बहुतेक घरांना कोणत्याही यंत्रणेची गरज पडत नाही. या घरात यंत्रणा योग्य ठरली, कारण कुत्री जड भांडेही ओढत नेई आणि मोठ्या उघड्या भांड्यात ती पंजे बुडवून सगळे पाणी गढूळ करी. लहान, पक्के बसवलेले आणि आपोआप भरणारे भांडे हा त्यावरचा नेमका उपाय होता.

प्रत्यक्ष बांधणी

साठ्यासाठी सहा लिटरची, रुंद तोंडाची, झाकणाची दुधी पांढरी बादली निवडली. तिचे प्लास्टिक खाद्यपदार्थांसाठी योग्य असलेले पॉलिप्रॉपिलीन होते. तिच्या बुडावर त्रिकोणातील ५ हा अंक होता. घट्ट पॉलिएथिलीनचे, म्हणजे २ अंकाचे भांडेही चालले असते. रंग, फिनेल, कीटकनाशक किंवा साबण भरलेला जुना डबा कितीही धुतला तरी घेऊ नये, कारण प्लास्टिक असे पदार्थ शोषून घेते आणि पुढे हळूहळू सोडत राहते. झाकणाला एक लहान छिद्र पाडून त्यावर बारीक जाळी चिकटवली. छिद्रामुळे आतला दाब नेहमी बाहेरच्याइतकाच राहतो, म्हणून ऊन असो वा रात्र, बादलीतील पाणी आपणहून खाली ढकलले जात नाही. जाळी डासांसाठी आहे. साचलेल्या पाण्यात घातलेल्या अंड्यांपासून उडणारा डास तयार व्हायला उष्ण हवेत आठ-दहा दिवस पुरतात आणि कुत्र्यांच्या हृदयातील जंताचा प्रसार डासांमार्फतच होतो, त्यामुळे ही जाळी म्हणजे चोखंदळपणा म्हणून सोडून देण्यासारखी गोष्ट नव्हती.

बादलीच्या बाजूला, तळापासून दोन सेंटिमीटर वर, होल सॉने (गोल छिद्र पाडणाऱ्या करवतीने) छिद्र पाडून टँक कनेक्टर, म्हणजे टाकीच्या भिंतीतून पाइप बाहेर काढणारा जोड, बसवला. छिद्राची कड पॉलिश पेपरने गुळगुळीत केली. रबरी वॉशर पाण्याच्या बाजूने, कनेक्टरच्या कॉलरखाली ठेवला आणि नट हाताने घट्ट करून वर थोडासाच पिळा दिला. नट पाना लावून आवळत राहण्याचा मोह येथे नडतो, कारण वॉशर एका बाजूला सरकतो आणि घट्ट दिसणारा सांधाच गळतो. टेफ्लॉन टेप पाइपच्या आट्यांपुरती वापरली. सिलिकॉन लावावेच लागले तर मत्स्यालयासाठी बनवलेले घ्यावे, कारण न्हाणीघरासाठीच्या अनेक प्रकारांत बुरशीनाशक मिसळलेले असते. पाण्यातला कचरा व्हॉल्व्हपर्यंत जाऊ नये म्हणून कनेक्टरच्या आतल्या तोंडावर काढता येणारी जाळीची टोपी बसवली.

पिण्याचे भांडे म्हणून २२ बाय १६ सेंटिमीटरची स्टीलची खोल चौकोनी ट्रे घेतली. तिच्यात एक उभी आडपट्टी टाकून सात सेंटिमीटर रुंदीचा एक कप्पा वेगळा केला. त्यात प्लास्टिकचा छोटा फ्लोट व्हॉल्व्ह बसवला आणि कप्प्यावर स्क्रूने आवळलेले झाकण लावले. आडपट्टी तळापासून थोडी वर उचललेली आहे, त्यामुळे दोन्ही बाजूंना पाण्याची पातळी एकच राहते, पण कुत्रीचे दात फ्लोटपर्यंत पोहोचत नाहीत. व्हॉल्व्हचे तोंड पाण्याच्या सर्वांत वरच्या पातळीहून तीन सेंटिमीटर उंच ठेवले. या मोकळ्या अंतरामुळे खालचे पाणी वर जाण्याचा मार्गच उरत नाही. पहिल्या आराखड्यातील सर्वांत मोठा दोष दूर करणारा भाग हाच आहे आणि तो करायला काहीच वेगळे लागत नाही, फक्त उंची नीट मोजावी लागते.

बादली भांड्याच्या पातळीहून सुमारे ४० सेंटिमीटर वर, भिंतीतील ब्रॅकेटवर आहे. एवढ्या उंचीच्या पाण्याचा दाब अत्यल्प असतो, सुमारे ४ किलोपास्कल, त्यामुळे भांडे सावकाश भरते. ते सावकाश भरले तरी बिघडत नाही, कारण भांड्यात नेहमी चार सेंटिमीटर पाणी, म्हणजे साधारण १.४ लिटर, असतेच. कमी दाबाचा उलट फायदा असा की लहानसा फ्लोटही व्हॉल्व्ह सहज बंद करतो. उंचावर बसवलेल्या कोणत्याही साठ्याबाबत एक सावधगिरी लागते. भरलेला असताना तो स्थिर वाटतो, पण रिकामा होत आला की एका धक्क्याने कोसळतो. सुट्ट्या स्टँडचे वजन त्यातल्या पाण्याबरोबर घटते, म्हणूनच भिंतीला आवळलेले ब्रॅकेट वापरले. खाली उतरणारी सिलिकॉनची नळी कडक पाइपातून नेली, नाहीतर ती पहिल्याच दिवशी चावून तुटली असती.

पाण्याची पातळी काठाच्या अडीच सेंटिमीटर खाली ठेवली. कुत्रा पिताना जिभेचे टोक मागे वळवून पाण्यात आपटतो आणि झटक्याने वर ओढतो. त्याबरोबर पाण्याचा एक स्तंभ वर उठतो आणि तो पडण्यापूर्वी कुत्रा तोंड मिटतो. ही क्रिया वेगवान आणि बरीच ओबडधोबड आहे, म्हणून शिंतोडे अटळ असतात, पण काठ थोडा उंच असला की ते ट्रेच्या आतच पडतात. खाली एक पसरट ट्रे ठेवली, ती उरलेले शिंतोडे झेलते आणि पुढे मोजणीलाही कामी आली.

चाचणी

पहिली चाचणी कुत्रीला दूर ठेवून झाली. बादली भरून, प्रत्येक सांध्याखाली कोरडा कागद पसरून रात्रभर सोडले. सकाळी व्हॉल्व्हखाली थेंब दिसला. ठिबक क्षुल्लक वाटते, पण सेकंदाला एक थेंब पडत असेल आणि २० थेंबांचा एक मिलिलिटर धरला तर दिवसाला सव्वाचार लिटरहून अधिक पाणी जाते, म्हणजे सहा लिटरची बादली दीड दिवसात रिकामी. व्हॉल्व्ह उघडून पाहिला तेव्हा छिद्र पाडताना निघालेला प्लास्टिकचा बारीक किस त्याच्या रबराखाली अडकलेला सापडला. बादली आणि नळी जोडण्यापूर्वी खळखळून धुतली असती तर हा कण तेथे पोहोचलाच नसता. जाळीची टोपी तिच्या पुढच्या भागातील किस अडवू शकत नाही.

नंतर मुद्दाम बिघाड घडवून पाहिले. फ्लोट खाली दाबून धरला तेव्हा बादलीतील जवळजवळ सगळे पाणी भांड्यावाटे बाहेर आले, पण ते सहा लिटरांच्या आतच थांबले. एवढे पाणी फरशीवर आले तर ती पुसायला दहा मिनिटे लागतात. २० लिटरचा साठा असता तर ते पाणी दाराखालून खोलीत गेले असते. साठ्याचा आकार ठरवताना तो किती दिवस पुरेल एवढेच पाहिले जाते, पण तोच आकडा सर्वांत वाईट दिवशी सांडणाऱ्या पाण्याचाही असतो. उलट बाजूने फ्लोट वर अडकवून ठेवला तेव्हा भांडे भरणे थांबले. हा बिघाड कुत्रीसाठी खरा धोक्याचा, कारण तो आवाज न करता होतो. त्यावर यांत्रिक उपाय शोधण्याऐवजी घरात दुसऱ्या खोलीत एक साधे जड भांडे कायम भरून ठेवायचे ठरले आणि ते आजही आहे. शरीराच्या वजनाच्या पाच टक्के पाणी घटले की कुत्र्यात शुष्कतेची लक्षणे दिसू लागतात. २० किलोच्या कुत्रीसाठी ही घट एक लिटर होते आणि तापलेल्या दिवशी ती गाठायला फार वेळ लागत नाही.

मोजणीतून काय कळले

बादलीच्या बाहेर अर्ध्या लिटरच्या अंतराने खुणा केल्या आणि तिला जाड काळ्या कापडाची खोळ घातली. खोळ उचलली की दुधी प्लास्टिकमधून पातळी दिसते आणि एरवी आत उजेड जात नाही, त्यामुळे शेवाळ धरत नाही. पूर्ण अपारदर्शक बादली शेवाळाच्या दृष्टीने अधिक चांगली झाली असती, पण मग पातळी दिसली नसती, आणि पातळी दाखवणारी बाहेरची बारीक काचनळी धुणे जवळजवळ अशक्य असते. खोळ हा या दोहोंतला समजूतदार मार्ग वाटतो.

सुरुवातीला रोजची घट १.६ लिटर येत होती, म्हणजे दर किलोला ८० मिलिलिटर. हा आकडा नेहमीच्या मर्यादेबाहेरचा होता आणि घरचे धास्तावले. पण बादलीतून गेलेले सगळे पाणी कुत्रीच्या पोटात जाते असे नाही. त्याच मापाची दुसरी ट्रे कुत्रीच्या आवाक्याबाहेर, त्याच गॅलरीत ठेवून दिवसभरातील बाष्पीभवन पाहिले तेव्हा ते सुमारे १५० मिलिलिटर निघाले. ३५२ चौरस सेंटिमीटर पृष्ठभागावरून पातळी चार-साडेचार मिलिमीटर उतरली की एवढे पाणी जाते, त्यामुळे आकडा पटण्यासारखा होता. खालच्या ट्रेमध्ये सांडलेले पाणी मापाने मोजले तर ते सुमारे ३५० मिलिलिटर भरले. उरलेले १.१ लिटर म्हणजे दर किलोला ५५ मिलिलिटर, अगदी सामान्य.

पुढे तिच्या कोरड्या खाद्यातील अर्धा भाग काढून त्याऐवजी ओले खाद्य सुरू केले तेव्हा पिण्याचे पाणी सुमारे पाऊण लिटरवर आले. कोरड्या खाद्यात पाण्याचा अंश दहा टक्क्यांच्या आसपास असतो आणि ओल्यात पंचाहत्तर टक्के किंवा अधिक, हे ठाऊक नसते तर ही घट आजाराचे लक्षण वाटली असती. म्हणून मोजणीचा आकडा एकटा वाचायचा नाही. हवामान, खाणे आणि व्यायाम यांची नोंद त्याच्या शेजारी हवी.

या नोंदीचा खरा उपयोग आकडा टिकून वाढला तर होतो. दर किलोला १०० मिलिलिटरहून अधिक पाणी, म्हणजे या कुत्रीच्या बाबतीत दोन लिटरच्या वर, उन्हाचे कारण नसताना सलग काही दिवस जात असेल तर पशुवैद्याकडे जाणे आवश्यक आहे. मूत्रपिंडाचा विकार, मधुमेह, अधिवृक्क (मूत्रपिंडांलगतच्या अॅड्रिनल) ग्रंथींची अतिक्रियाशीलता, नसबंदी न झालेल्या मादीतील गर्भाशयाचा पूयुक्त संसर्ग आणि स्टेरॉइड औषधे ही त्यामागची सामान्य कारणे आहेत. तहान वाढली म्हणून पाणी तोडणे हा उपाय नाही, त्याने प्राण्याची प्रकृती झपाट्याने ढासळू शकते. मोठा साठा आठवड्यातून एकदाच भरणाऱ्या घरात असा बदल कित्येक दिवस कोणाच्या लक्षातच येत नाही.

धुण्याची पद्धत

पिण्याची ट्रे रोज सकाळी काढून साबणाने घासली जाते, कारण लाळेचा बुळबुळीत थर नुसत्या पाण्याने विसळून निघत नाही. बादली एक दिवसाआड रिकामी करून पुसली जाते आणि उरलेल्या पाण्यात नवे ओतले जात नाही. फ्लोटचा कप्पा आठवड्यातून एकदा उघडतात. त्यात अपेक्षेहून जास्त केस जमतात आणि आडपट्टीच्या खालची फट केसांनी तुंबली की कप्प्यातील पातळी आधी चढते, व्हॉल्व्ह वेळेआधी बंद होतो आणि पिण्याच्या बाजूला पाणी कमी दिसते. ही खूण ओळखता येऊ लागल्यापासून फट साफ करण्याची वेळ वेगळी लक्षात ठेवावी लागत नाही.

महिन्यातून एकदा सर्व भाग निर्जंतुक करतात. त्यासाठी ५ टक्के सोडियम हायपोक्लोराइटचे, सुगंध नसलेले घरगुती द्रावण पाण्यात लिटरमागे ४ मिलिलिटर मिसळले की लिटरला सुमारे २०० मिलिग्रॅम क्लोरीन मिळतो. आधी घासून थर काढायचा, मग काही मिनिटे या द्रावणात ठेवायचे, भरपूर पाण्याने धुवायचे आणि पूर्ण वाळू द्यायचे. पांढऱ्या क्षारांच्या डागांवर व्हिनेगर चालते, पण ते आणि हायपोक्लोराइट कधीही एकत्र येता कामा नयेत, कारण त्यातून विषारी क्लोरीन वायू निघतो. दोन्ही कामे वेगवेगळ्या दिवशी केलेली बरी.

या घरात आता दुसरा कुत्रा आणण्याचे घाटत आहे आणि बादली मोठी घ्यावी का, असा प्रश्न निघाला आहे. दोन कुत्र्यांत एक पाण्यावर हक्क गाजवतो आणि दुसरा लांबून पाहत राहतो, असे पुष्कळदा होते. त्यामुळे सहा लिटरची बादली तशीच ठेवून रोज भरावी आणि दुसऱ्या टोकाला वेगळी ट्रे व वेगळी बादली लावावी, असे माझे मत आहे. दोन बादल्या वेगळ्या असल्या की कोणत्या ट्रेचे पाणी किती संपले तेही वेगळे वाचता येते. मात्र दोघेही दोन्ही ट्रेमधून पिऊ लागले, तर कोणी किती प्यायले हे त्या खुणा सांगू शकणार नाहीत आणि तेव्हा एकेकाला काही दिवस वेगळ्या खोलीत ठेवूनच ते मोजावे लागेल.